बिळातला राष्ट्राध्यक्ष आणि पुठ्ठ्याचा राष्ट्राध्यक्ष

‘एल अपॉस्तोल’ या १९१७ च्या अर्जेंटिनातल्या ॲनिमेशनपटाबद्दल कुठेही वाचायला घ्या, दोन आकडे हमखास भेटतात: ५८,००० चित्रं आणि ७० मिनिटं. पहिला आकडा वाचून माणूस आ वासतो आणि पुढे सरकतो. मी थांबून भागाकार केला. या चित्रपटाचा वेग सेकंदाला १४ चौकटी (फ्रेम) असा सांगितला जातो. ५८,००० भागिले १४ म्हणजे ४,१४२ सेकंद, म्हणजे ६९ मिनिटं. तेव्हा ही ५८,००० चित्रं कोणी बसून काढलेली नाहीत. पडद्यावरून सरकलेल्या चौकटींचा तो हिशेब असावा. हा चित्रपट पुठ्ठ्यातून कापलेल्या आकृत्या हलवून केला होता. एकदा काढलेला चेहरा शेकडो चौकटींत पुन्हा पुन्हा वापरायचा, ही तर त्या पद्धतीतली सगळी मेख.

आकडा खोडण्याचा पंडिती आनंद मला थोडासा मिळतो, ते नाकारत नाही. पण तो खोडल्याशिवाय पुढचं प्रकरण कळत नाही. सत्तेवर बसलेल्या राष्ट्राध्यक्षावर एकवीस वर्षांच्या पोराने तासाहून मोठा हलत्या चित्रांचा चित्रपट केला, आणि तोही त्या राष्ट्राध्यक्षाच्या शपथविधीनंतर तेरा महिन्यांच्या आत. प्रत्येक चौकट हाताने काढायची म्हटली असती तर चित्रपट पुरा होईपर्यंत राष्ट्राध्यक्षांची मुदत संपत आली असती. हलत्या अर्कचित्राचं दुखणंच हे आहे. वर्तमानपत्रातला व्यंगचित्रकार संध्याकाळी बातमी ऐकतो आणि सकाळी चित्र छापून येतं. पडद्यावरच्याला महिने लागतात, आणि राजकारण कोणासाठी महिने थांबत नाही. या पोराने, किरीनो क्रिस्तियानीने, हा जुगार एकाच राष्ट्राध्यक्षावर, इपोलितो इरिगोयेनवर, पुन्हा पुन्हा लावला. पहिल्या वेळी दान पडलं. पुढे काय झालं ते ओघात येईलच.

कोण होता हा माणूस

इपोलितो इरिगोयेन आज अर्जेंटिनाच्या इतिहासाच्या पुस्तकात आहेत. ९ नोव्हेंबर १९१७ रोजी ब्युनॉस आयर्सच्या सिलेक्ट सुइपाचा चित्रपटगृहात बसलेल्या प्रेक्षकांना मात्र ते सकाळच्या वर्तमानपत्रात भेटून आले होते.

जन्म १८५२ चा. पक्ष रॅडिकल. हा पक्ष ज्या चळवळीतून निघाला तिने १८९० साली आणि पुढे पक्षाने १८९३ आणि १९०५ साली सशस्त्र उठाव केले आणि तिन्ही फसले. मूठभर जमीनदार घराण्यांच्या हातातली सत्ता निवडणुकीने हलत नव्हती, कारण निवडणुका म्हणजे उघड लबाडी होती. १९१२ च्या सायेन्झ पेन्या कायद्याने पुरुष नागरिकांसाठी गुप्त आणि सक्तीचं मतदान आणलं, आणि त्याच कायद्याच्या जोरावर १९१६ साली इरिगोयेन निवडून आले. १२ ऑक्टोबर १९१६ रोजी त्यांनी शपथ घेतली. पगार घ्यायचे ते धर्मादायाला देण्यापुरता.

पण या लोकनेत्याची एक गंमत होती. लोकांसमोर तो येतच नसे. जाहीर भाषणं जवळजवळ नाहीतच. फोटो काढून घ्यायचा कंटाळा. कटकारस्थानांच्या वर्षांत पडद्याआड राहून माणसं जोडायची जी सवय लागली, ती राष्ट्राध्यक्ष झाल्यावरही सुटली नाही. ब्रासिल रस्त्यावरच्या साध्या घरात ते राहत आणि भेटायला येणाऱ्यांना एकेकटं भेटत. विरोधकांनी त्या घराला नाव दिलं ‘पेलुदोची गुहा’. पेलुदो म्हणजे तिकडचा केसाळ आर्माडिलो. पाठीवर कवच, चाहूल लागली की बिळात. आपल्या खवल्या मांजराची आठवण यावी असा प्राणी, नातं काही नाही. हे टोपणनाव इरिगोयेनना जन्मभर चिकटलं. अनुयायी मात्र त्यांना प्रेषित मानत, स्पॅनिशमध्ये ‘अपॉस्तोल’. एकाच माणसाला अर्धं शहर प्रेषित म्हणत होतं आणि अर्धं बिळातलं जनावर.

लिहायचे तेही असं पल्लेदार आणि गूढ, की त्यांच्या शब्दप्रयोगांची टिंगल हा विनोदी लेखकांचा हातखंडा होऊन बसला.

आता अर्कचित्रकाराच्या जागी बसून पाहा. ज्याचा आवाज लोकांनी ऐकलेला नाही आणि ज्याला प्रत्यक्ष पाहणारे थोडे, अशा माणसाचा चेहरा लोकांच्या डोळ्यांसमोर कुठून येतो? छापील चित्रांतून. ‘कारास इ कारेतास’ हे सचित्र साप्ताहिक १८९८ पासून ब्युनॉस आयर्सला राजकारण्यांची थोबाडं ओळखायला शिकवत होतं. १९१४ च्या जनगणनेत शहराची वस्ती पंधरा लाखांच्या वर होती आणि त्यातले निम्मे लोक परदेशात जन्मलेले. मत न देणारे, स्पॅनिश अडखळत वाचणारे, पण चित्र पाहून हसणारे. क्रिस्तियानी स्वतः त्यातलाच. इटलीत सांता जुलेत्ता या गावी जुलै १८९६ मध्ये जन्मलेला, चार वर्षांचा असताना आईबापांबरोबर जहाजाने आलेला.

आवाज न ऐकलेला नेता मूकपटाला किती सोयीचा! पुढे आयुष्यभर रेडिओवर ऐकलेल्या पुढाऱ्यांना मुकं करून दाखवलं असतं तर काहीतरी कमी वाटलं असतं. इरिगोयेनच्या बाबतीत प्रेक्षकाच्या कानात भरलेलं काही नव्हतंच. पडद्यावर पाटी आली की तोच त्यांचा आवाज.

काड्यांपासून पुठ्ठ्यापर्यंत

फेदेरिको वाल्ले हेही मूळचे इटालियन. १९११ च्या सुमारास अर्जेंटिनात आले, चित्रपटांचा कारखाना काढला, बातमीपट काढू लागले. बातमीपटात शेवटी एखादं राजकीय व्यंगचित्र असावं आणि ते हलावं, ही त्यांची कल्पना. क्रिस्तियानी तेव्हा वर्तमानपत्रांना चित्रं देणारा पोरगा. त्याला चित्र हलवायचं कसं हे माहीत नव्हतं. वाल्लेंनी त्याच्या हातात फ्रेंच चित्रकार एमिल कोलची एक फिल्म ठेवली. कोलने १९०८ साली आगकाड्या हलवून एक छोटा चित्रपट केला होता, आणि क्रिस्तियानीने अभ्यासली ती हीच फिल्म, असं सांगितलं जातं. रिळाची एकेक चौकट उजेडात धरून पाहायची आणि गुपित उलगडायचं. गुरू म्हणून एवढंच.

इथे मराठी वाचकाचे कान टवकारले पाहिजेत. दादासाहेब फाळक्यांची ‘आगकाड्यांची मौज’ ही छोटी फिल्म याच वर्षांतली, साधारण १९१५ ची. चौकटीगणिक काड्या सरकवून केलेली, आणि तिच्यामागेही कोलच्याच काड्यांची प्रेरणा असल्याचं मानलं जातं. एकाच पेटीतल्या काड्या नाशिकला आणि ब्युनॉस आयर्सला पेटल्या. फाळक्यांना चौकटीचौकटीने चित्रण करायचं तंत्र आधीपासून वश होतं. १९१२ मध्ये भांडवल उभं करायला त्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ अशीच टिपून दाखवली होती. ते पुढे पुराणांकडे गेले. क्रिस्तियानी सकाळच्या बातमीकडे वळला.

पहिला प्रयोग जेमतेम मिनिटभराचा. ब्युनॉस आयर्स प्रांताचे गव्हर्नर मार्सेलिनो उगार्ते यांना इरिगोयेननी हस्तक्षेप करून पदावरून दूर केलं, त्यावरची गंमत. पुठ्ठ्याच्या आकृत्या कापल्या, डोकं, हात, पाय वेगळे केले, सांधे दोऱ्याने जोडले, सपाट पृष्ठभागावर मांडल्या आणि वर कॅमेरा लावला. हात तसूभर सरकवायचा, एक चौकट टिपायची, पुन्हा सरकवायचा. पुरेसे दिवे नसल्याने हे काम गच्चीवर उन्हात चाले, असं तो पुढे सांगत असे. या पद्धतीचं त्याने पेटंटही घेतलं.

पुठ्ठ्याच्या पद्धतीला नाकं मुरडणारे पुष्कळ आहेत. हालचाल आखडलेली वाटते, आकृती वळत नाही, बाजूने दिसते तेवढीच. खरं आहे. पण अर्कचित्राला नेमकं तेच हवं असतं. नाकाची, मिशीची, पोटाची एक ओळख ठरली की ती हलता कामा नये, नाहीतर माणूस ओळखू येत नाही. हाताने दर चौकटीला नव्याने काढलेला चेहरा थोडा थोडा बदलत, थरथरत राहतो. पुठ्ठ्याचा चेहरा पहिल्या चौकटीपासून शेवटच्यापर्यंत तोच. खऱ्या माणसांची नक्कल करायची असेल तर या कोरडेपणाचा फायदाच होतो, असं माझं मत आहे.

याच वर्षांत अमेरिकेत व्यंगचित्रकार विन्झर मॅके ‘लुसिटानिया’ जहाजाच्या जलसमाधीवरचा चित्रपट करत होता. जहाज ७ मे १९१५ ला जर्मन पाणबुडीने बुडवलं, चित्रपट लागला जुलै १९१८ मध्ये. जवळपास दोन वर्षं, सुमारे २५,००० चित्रं आणि हाती आली बारा मिनिटं. पाणी, धूर आणि बुडणारी माणसं यांत मॅकेच्या हाताला तोड नाही. पण त्यात एक बाब आहे, तिच्याकडे सहसा कोणी बोट दाखवत नाही. बुडालेल्या नामवंतांची ओळख तो करून देतो ती स्थिर छायाचित्रांनी. कोट्यधीश आल्फ्रेड व्हँडरबिल्ट, लेखक एल्बर्ट हबर्ड, नाट्यनिर्माते चार्ल्स फ्रोमन येतात आणि जातात. खऱ्या, नावानिशी माहीत असलेल्या माणसाला हलवायचं धाडस मॅकेने तिथे केलं नाही; शोकपटात ते शोभलंही नसतं. क्रिस्तियानीचा तर सगळा धंदाच नावानिशी माहीत असलेल्या माणसांना हलवण्याचा.

प्रेषिताचं स्वप्न

मिनिटभराचं व्यंगचित्र लोकांना आवडलं तेव्हा वाल्लेंनी थेट पूर्ण लांबीचा चित्रपट काढायचं ठरवलं. पैसे चित्रपटगृहांचे मालक ग्येर्मो फ्रांकिनी यांनी घातले. पटकथा आल्फोन्सो दे लाफेरेरे यांची. आणि लोकांना खेचायला नाव हवं म्हणून दिओखेनेस ताबोर्दांना बोलावलं. ताबोर्दा, टोपणनाव ‘एल मोनो’ म्हणजे माकड, हे तेव्हा शहरातले नावाजलेले अर्कचित्रकार.

नावाचं वजन होतं, पण ताबोर्दांची चित्रं छापायला काढलेली. बारीक रेघा, तपशील, ताठ उभी माणसं. ती दोऱ्याने जोडून चालवायला घेतली की पाय कुठे संपतो आणि कोट कुठे सुरू होतो हेच कळेना. क्रिस्तियानीने त्या आकृत्या सोप्या करून, वाकतील अशा नव्याने बांधल्या. ताबोर्दांनी मूळ रूपं दिली आणि रोजच्या किचकट कामातून लवकरच अंग काढून घेतलं. जाहिरातीत नाव मोठं त्यांचंच.

गोष्ट अशी. राष्ट्राध्यक्ष इरिगोयेन देशातल्या भ्रष्टाचाराने आणि नीतिभ्रष्ट राजकारण्यांनी वैतागलेले आहेत. झोपतात. स्वप्नात प्रेषिताच्या वेशात थेट ग्रीक देवांच्या ऑलिंपसवर पोचतात. देवांशी चर्चा होते, खाली काय चाललंय त्याची गाऱ्हाणी होतात, मंत्र्यासंत्र्यांची सोंगं येऊन जातात. शेवटी ज्युपिटरच्या विजा हाती घेऊन ते ब्युनॉस आयर्सवर टाकतात आणि पापी नगरी जाळून शुद्ध करतात. मग जाग येते. नगरी आहे तशीच, राजकारणीही आहेत तसेच.

हे स्वप्न मला फार हुशारीचं वाटतं. स्वप्नात काय, कोणीही काहीही करतो! राष्ट्राध्यक्षाने राजधानी जाळली असं उघड दाखवलं असतं तर गहजब झाला असता. स्वप्नाची चौकट घातली की विरोधक म्हणणार, पाहा, या माणसाच्या डोक्यात हे असं देवपण शिरलंय. अनुयायी म्हणणार, पाहा, बिचाऱ्याला झोपेतसुद्धा देशाची काळजी. दोघेही तिकीट काढणार. शीर्षकही तसंच दुधारी. ‘प्रेषित’ हा शब्द अनुयायांचा, तोच कुचकटपणे उच्चारला की विरोधकांचा. जगाच्या चित्रपट-इतिहासात याला ‘राजकीय उपहासपट’ असा शिक्का मारून टाकतात, पण मला तो विरोधपट वाटत नाही. आत्ताच निवडून आलेल्या, अजून कोणाला नीट न उमगलेल्या माणसाबद्दलचं कुतूहल त्यात जास्त असावं. तेरा महिन्यांत नेता अजून मुरलेला नसतो. त्याच्याबद्दल कोणाचं मत पक्कं झालेलं नसतं. अर्कचित्र हलवायला याहून बरा मुहूर्त नाही.

समीक्षकांना सगळ्यात भावलं ते शहर जळण्याचं दृश्य. आणि ते पुठ्ठ्याचं नव्हतंच! आंद्रेस द्युको या फ्रेंच माणसाने शहराची छोटी प्रतिकृती उभारली होती, संसद, कस्टम हाऊस वगैरे इमारतींसकट, आणि ती खरोखर पेटवली. म्हणजे ज्याने चित्रपट हलवला त्या क्रिस्तियानीच्या वाट्याला श्रेय तिसऱ्या नंबरचं. पोस्टरवर ताबोर्दा, परीक्षणात द्युकोची आग, आणि पैसा फ्रांकिनी व वाल्लेंचा. चित्रपट तुफान चालला, तरी क्रिस्तियानीच्या हाती फारसं काही लागलं नाही.

राजदूताला हात लावायचा नाही

राष्ट्राध्यक्षांनी स्वतःवरच्या चित्रपटाला आडकाठी केली नाही. पण १९१८ साली आलेला क्रिस्तियानीचा दुसरा मोठा चित्रपट प्रदर्शनानंतर लगेचच सरकारने जप्त केला. नाव ‘सिन देखार रास्त्रोस’, म्हणजे ‘मागमूस न ठेवता’.

त्यामागचं प्रकरण असं. महायुद्ध चालू होतं आणि अर्जेंटिना तटस्थ होता. जर्मन पाणबुड्या अर्जेंटिनाची जहाजं बुडवत होत्या. ब्युनॉस आयर्समधला जर्मन राजदूत काउंट लुक्सबुर्ग याने बर्लिनला गुप्त तारा पाठवल्या, त्याही स्वीडनच्या वकिलातीमार्फत, की अर्जेंटिनाची जहाजं एकतर सोडून द्यावी किंवा मागमूस न ठेवता बुडवावी. अर्जेंटिनाच्या परराष्ट्रमंत्र्याला त्याने एका तारेत गाढव म्हटलं होतं. सप्टेंबर १९१७ मध्ये अमेरिकन सरकारने या तारा जाहीर केल्या. शहरात दंगे झाले, राजदूताची हकालपट्टी झाली. तरीही इरिगोयेन तटस्थतेला चिकटून राहिले.

क्रिस्तियानीचा विषय आयता होता. पण ‘एल अपॉस्तोल’ लागला तेव्हा तारांचं प्रकरण गरमागरम होतं आणि हा चित्रपट येईपर्यंत सरकारने ते पद्धतशीर थंड केलं होतं. परराष्ट्र खात्याने रिळं उचलून नेली, आणि नाव सार्थ करत चित्रपटाचा मागमूस राहिला नाही. हा विनोद माझ्या आधी अनेकांनी केला असणार, पण टाळता येत नाही.

राष्ट्राध्यक्षाची टिंगल चालली आणि परक्या देशाच्या हाकललेल्या राजदूताची चालली नाही. वरवर विचित्र वाटतं. पण पहिल्यात सरकारचं नुकसान काही नव्हतं; आपल्या माणसाचं सोंग आपल्या घरात. दुसऱ्यात एका बलाढ्य राष्ट्राशी चाललेली तारेवरची कसरत बिघडत होती. मूकपटातल्या ऐतिहासिक व्यक्तींबद्दल बोलताना सेन्सॉरचा प्रश्न निघतो तेव्हा आपण ‘राज्यकर्त्याचा अपमान’ एवढंच शोधतो. इथे कात्री चालली ती परराष्ट्र धोरणाच्या टेबलावरून.

त्याच १९१८ मध्ये द्युकोने वेगळं होऊन बाहुल्यांचा चित्रपट केला, कोलोन नाट्यगृहातल्या एका रात्रीवर, शहराच्या बड्या लोकांची रेवडी उडवणारा. क्रिस्तियानी काही वर्षं छोट्या फिल्मांवर राहिला आणि तिथे त्याने घड्याळावर मात करायचा सोपा मार्ग शोधला: विषय छोटा, फिल्म छोटी, बातमी ताजी. १९२३ मध्ये मुष्टियोद्धा फिर्पो आणि डेम्प्सी यांच्या झुंजीवर एक. १९२४ मध्ये उरुग्वेने ऑलिंपिकमध्ये फुटबॉल जिंकला त्यावर एक. त्याच वर्षी इटलीचा युवराज उंबेर्तो अर्जेंटिनाच्या दौऱ्यावर आला तर ‘उंबेर्तो दे गारुफा’. गारुफा हा ब्युनॉस आयर्सच्या गल्लीबोळातल्या बोलीतला शब्द, अर्थ मौजमजा, रात्र जागवणं. आपल्या मूळ देशाच्या युवराजाला या पोराने ‘ऐश करायला निघालेला’ करून टाकलं.

दुसऱ्यांदा तोच माणूस

१९२८ मध्ये इरिगोयेन पुन्हा निवडून आले. वय पंचाहत्तरीच्या पुढे. आता त्यांच्याबद्दल कुतूहल नव्हतं. कंटाळा, राग आणि थकलेली भक्ती होती. निर्णय होत नाहीत, म्हातारा बिळातून बाहेर पडत नाही, भोवतीचे लोक लूट करतायत अशी ओरड. त्यात १९२९ ची जागतिक मंदी. क्रिस्तियानीने पुन्हा त्यांनाच धरलं, आणि या वेळी शीर्षकात ‘प्रेषित’ गेला, ‘पेलुदो’ आला: ‘पेलुदोपोलिस’. पेलुदो आपल्या चाच्यांच्या टोळीसह राज्याचं गलबत ताब्यात घेतो आणि चीजच्या देशात पोचतो, अशी गोष्ट.

काम सुरू असताना ६ सप्टेंबर १९३० उजाडला. जनरल होसे फेलिक्स उरिबुरू यांनी लष्करी उठाव करून इरिगोयेनना सत्तेवरून खाली खेचलं. जमावाने ब्रासिल रस्त्यावरचं ते घर लुटलं, सामान रस्त्यावर फेकलं. वृद्ध राष्ट्राध्यक्षांना मार्तीन गार्सिया बेटावर कैदेत ठेवलं.

ज्याची खिल्ली उडवायची तो आता कैदी. अर्धामुर्धा तयार चित्रपट एका रात्रीत शिळा झाला, आणि शिळा होण्यापेक्षा वाईट म्हणजे पडलेल्याला लाथ मारल्यासारखा दिसू लागला. क्रिस्तियानीने बरंच बदललं. नव्या लष्करशहाला शोभेल असा जनरल त्यात आला, सामान्य माणसाचं प्रतीक म्हणून ‘हुआन पुएब्लो’ आला. मधल्या काळात बोलपट आले होते, तेव्हा ध्वनीही तबकड्यांवर जोडला. त्यामुळे हा पहिला पूर्ण लांबीचा बोलका ॲनिमेशनपट ठरला. सप्टेंबर १९३१ मध्ये तो लागला तेव्हा सोहळ्याला खुद्द उरिबुरू हजर होते. उपहासपटाच्या पहिल्या खेळाला हुकूमशहा मानाचा पाहुणा, यावरूनच काय बिघडलं ते कळावं. चित्रपट चालला नाही. १९१७ मध्ये दोन्ही बाजूंना हसता येत होतं. १९३१ मध्ये एका बाजूला हसायची चोरी होती आणि दुसऱ्या बाजूला हसण्याचं कारण उरलं नव्हतं.

३ जुलै १९३३ रोजी इरिगोयेन गेले. अंत्ययात्रेला राजधानी लोटली. बिळातलं जनावर पुन्हा प्रेषित झाला. क्रिस्तियानीने त्यांच्याबद्दलच्या आदरापोटी ‘पेलुदोपोलिस’ पडद्यावरून काढून घेतला, असं सांगितलं जातं.

काय उरलं

‘एल अपॉस्तोल’ची प्रत १९२६ मध्ये वाल्लेंच्या स्टुडिओला लागलेल्या आगीत गेली. नायट्रेटची फिल्म एकदा पेटली की जळताना स्वतःच प्राणवायू सोडते, पाण्याखालीही विझत नाही. पुण्याने हे जानेवारी २००३ मध्ये पाहिलं आहे. फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारातलं नायट्रेटचं गोदाम जळालं आणि त्यात आपल्याकडच्या जुन्या चित्रपटांची रिळं गेली. क्रिस्तियानीच्या स्वतःच्या प्रयोगशाळेलाही १९५७ आणि १९६१ मध्ये आगी लागल्या आणि उरलंसुरलं संपलं. शहर जाळणारा चित्रपट आगीतच जावा, या योगायोगावर भावुक व्हायला मी तयार नाही. नायट्रेटच्या काळात आगीत जाणं हे चित्रपटाचं जवळजवळ नैसर्गिक मरण होतं.

तेव्हा आज ‘एल अपॉस्तोल’ म्हणजे जाहिराती, परीक्षणं, काही रेखाटनं आणि द्युकोच्या प्रतिकृतीचं छायाचित्र. आणि क्रिस्तियानीच्या आठवणी. इटालियन ॲनिमेशन-इतिहासकार जान्नाल्बेर्तो बेन्दात्झी यांनी त्याला गाठलं तेव्हा तो ऐंशी पार केलेला होता. त्यांनी त्याचं चरित्र लिहिलं नसतं तर जगाला हे नाव कळलंच नसतं. पण एक सावधगिरी पाळायला हवी. ताबोर्दा १९२६ मध्येच वारले होते, वाल्लेही नव्हते. कोणी काय केलं, कोणाची आकृती कोणी बदलली, याचं वजन करायला दुसरा साक्षीदार नाही. मला क्रिस्तियानीचं म्हणणं पटतं, कारण पुठ्ठ्याची माणसं चालवणं हे चिकाटीचं काम आहे आणि नावाजलेले चित्रकार ते करत बसत नाहीत. पण पटणं वेगळं आणि सिद्ध होणं वेगळं.

जर्मनीच्या लोटे रायनिगरचा १९२६ चा सावल्यांचा चित्रपट आज हाती असलेला सगळ्यात जुना पूर्ण लांबीचा ॲनिमेशनपट आहे. तोही कापलेल्या आकृत्यांचाच, पण अरबी कथांवरचा. काळाच्या बंधनातून सुटलेला. त्याचं रीळ आजही पाहता येतं आणि कोण कोण आहे हे विचारावं लागत नाही. उद्या ‘एल अपॉस्तोल’ कुठल्या तळघरात सापडला, तर अर्जेंटिनाच्या बाहेरच्या प्रेक्षकाला, आणि बहुधा आतल्याही, दर दुसऱ्या आकृतीला ‘हा कोण?’ म्हणून तळटीप लागेल.

क्रिस्तियानी ऑगस्ट १९८४ मध्ये गेला. त्याच्या कामातला एक चित्रपट तेवढा आज शिल्लक आहे, १९३८ चा ‘एल मोनो रेलोहेरो’, म्हणजे ‘घड्याळजी माकड’. मुलांच्या गोष्टीवरचा, काही मिनिटांचा. त्यात राष्ट्राध्यक्ष नाही, राजदूत नाही, युवराज नाही. एक माकड आहे, आणि टिकटिकणारं घड्याळ.